बँकेची ताब्याची नोटीस आणि डीआरटी: कर्जदार-जामीनदार नेहमी विचारतात ते प्रश्न

खालचं सगळं तारणी कर्जाबद्दल आहे, म्हणजे घर, गाळा, प्लॉट, फॅक्टरी असं काहीतरी बँकेकडे गहाण आहे आणि हप्ते थकलेत. पर्सनल लोन, क्रेडिट कार्ड आणि पतसंस्थेचं गणित वेगळं आहे, ते शेवटी शेवटी येईल.

आधी कोर्टात केस न करता बँक डायरेक्ट ताब्याची नोटीस कशी काय देते?

देऊ शकते. २००२ चा सरफेसी कायदा त्यासाठीच आणला होता. हप्ता ९० दिवसांच्या वर थकला की खातं एनपीए (थकीत, अनुत्पादक कर्ज) होतं, मग कलम १३(२) ची डिमांड नोटीस येते, त्यात ६० दिवसांत सगळी रक्कम भरा म्हणतात (नुसते थकलेले हप्ते नाही, सगळं कर्ज), नाही भरली की १३(४) खाली ताबा आणि मग लिलाव. या रस्त्यात बँकेला कोर्टाची परवानगी लागत नाही (जबरदस्तीने ताबा घ्यायचा तरच कलम १४ ची ऑर्डर लागते, ते पुढे येईल), तुम्ही स्वतःहून डीआरटीत, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात, गेलात तरच कुणीतरी तिसरा माणूस ही कागदपत्रं नीट तपासतो. हा कायदा घटनाबाह्य आहे असं म्हणून मोठमोठे कर्जदार सुप्रीम कोर्टात गेले होते, २००४ मध्ये मार्डिया केमिकल्सच्या निकालात कोर्टाने कायदा कायम ठेवला, पण डीआरटीत दाद मागायची तर आधी ७५ टक्के रक्कम भरा ही अट मात्र रद्द केली. त्यामुळे आज तुम्ही डीआरटीत पहिला अर्ज टाकता तेव्हा कर्जाची रक्कम भरायची अट नाही, फक्त कोर्ट फी लागते, ती कर्जाच्या रकमेवर ठरते आणि कर्जदारासाठी जास्तीत जास्त १ लाख रुपये आहे.

डिमांड नोटीस आलीये, लगेच स्टे मिळेल का?

नाही. १३(२) ची नोटीस हातात आली म्हणून डीआरटीत जाता येत नाही, ताब्याचं पाऊल उचलल्यावरच तो दरवाजा उघडतो. पण म्हणून हे ६० दिवस गप्प बसायचे नसतात, आणि बहुतेक लोक नेमके इथेच गप्प बसतात, कुणी रजिस्टर्ड पोस्ट घेतच नाही, कुणी घेतं आणि कपाटात टाकतं.

या काळात बँकेला लेखी हरकत द्यायची, कायद्यात त्याला १३(३ए) चं उत्तर म्हणतात. बँकेला त्यावर १५ दिवसांत कारणांसह लेखी उत्तर द्यावंच लागतं. उत्तर दिलंच नाही किंवा "आपली हरकत मान्य नाही" एवढ्या एका ओळीत गुंडाळलं, तर तो मुद्दा पुढे डीआरटीत तुमच्या कामाला येतो. हरकतीत रडगाणं लिहू नका, धंदा बसला, आजारपण आलं हे एका परिच्छेदात उरका आणि बाकी आकडे लिहा: कोणत्या तारखेला किती भरले ते जमा धरलं नाही, व्याजाचा दर कधी बदलला आणि कळवला का, खातं एनपीए दाखवलंय त्या तारखेला खरंच ९० दिवस झाले होते का. सोबत खात्याचा पूर्ण उतारा मागा, कर्ज घेतल्या दिवसापासूनचा. पोच घ्या, पोच देत नसतील तर स्पीड पोस्टने पाठवा आणि ईमेलही करा.

आणि एक, ही नोटीस मिळाल्यावर बँकेच्या लेखी संमतीशिवाय ती मिळकत विकता, भाड्याने देता किंवा दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही. बायकोच्या नावावर बक्षीसपत्र करून टाकू म्हणणारे सल्लागार गल्लोगल्ली आहेत, त्यांचं ऐकलंत तर मूळ केससुद्धा बिघडते.

उताऱ्यात नेमकं काय बघायचं?

मुद्दल आणि व्याज सोडून जे जे लावलंय ते सगळं. इन्स्पेक्शन चार्जेस, लीगल चार्जेस, इन्शुरन्सचा हप्ता, हप्ता बाऊन्सचे चार्जेस आणि दंड. रिझर्व्ह बँकेने २०२३ मध्ये नियम काढला, तो २०२४ पासून लागू आहे, की थकबाकीवर दंडाचं व्याज लावायचं नाही, फक्त वाजवी दंड आकारायचा आणि त्या दंडावर पुन्हा व्याज चढवायचं नाही. उताऱ्यात दंडाची रक्कम दर महिन्याला मुद्दलात मिसळून पुढच्या महिन्याचं व्याज त्या बेरजेवर काढलेलं दिसलं, की ती ओळ पिवळ्या मार्करने रंगवा. नुसत्या यामुळे सगळी कारवाई रद्द होते असं नाही, आकडा कमी होतो, पण सेटलमेंटच्या बोलण्यात हा कागद चांगला उपयोगी पडतो.

मी दोन हप्ते भरले तर एनपीए निघेल ना?

नाही निघणार. एकदा एनपीए झालं की थकलेलं मुद्दल आणि व्याज, सगळी मागची बाकी भरल्याशिवाय खातं परत स्टँडर्ड (नियमित) होत नाही. थोडे थोडे पैसे भरत राहण्याने तुमची नियत दिसते, कोर्टात ते उपयोगी आहे, पण घड्याळ थांबत नाही.

दारावर नोटीस चिकटवून गेलेत, घर गेलं का?

घर गेलं नाही, अजून तुम्ही आत राहताय. याला सिम्बॉलिक पझेशन म्हणतात, कागदावरचा ताबा. बँकेचा अधिकृत अधिकारी येतो, दारावर नोटीस चिकटवतो, त्याच्यासमोर फोटो काढतो, आणि ७ दिवसांच्या आत ती नोटीस दोन वर्तमानपत्रांत छापावी लागते, त्यातलं एक स्थानिक भाषेतलं. शेजारीपाजारी ती जाहिरात वाचतात ही वेगळी शिक्षा.

तुमचे ४५ दिवस इथून मोजायचे. कलम १७ खाली डीआरटीत अर्ज करायची मुदत ही आहे, वकील लोक त्या अर्जाला एसए म्हणतात. पूर्वी बँका म्हणायच्या की प्रत्यक्ष ताबा घेतला नाही तोपर्यंत अर्ज चालत नाही, पण हिंडन फोर्जच्या केसमध्ये २०१८ ला सुप्रीम कोर्टाने सांगितलं की सिम्बॉलिक ताब्यालाही चॅलेंज करता येतं. म्हणजे कुलूप लागायची वाट बघत बसायचं कारण नाही, आणि बघितलीत तर ४५ दिवस उलटून जातात आणि मग उशीर माफ करा या अर्जावरच पहिले काही महिने जातात.

अर्ज कुठे करायचा?

महाराष्ट्रात मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे डीआरटी आहेत. मिळकत जिथे आहे, कर्ज खातं ज्या शाखेत आहे किंवा जिथे वादाचं कारण घडलं, त्या हद्दीतल्या डीआरटीत जाता येतं. दिवाणी कोर्टात जाऊन मनाई हुकूम आणू असं कुणी सांगत असेल तर कलम ३४ ने तो रस्ता बंद केलाय, अगदी उघड फसवणुकीसारख्या गोष्टीतच थोडी फट आहे, आणि "फसवणूक" हा शब्द अर्जात लिहिला म्हणून फसवणूक होत नाही.

डीआरटी कोणत्या मुद्द्यांवर कर्जदाराचं ऐकते?

तारखा आणि प्रोसिजर, मुख्यतः एवढंच. कर्ज घेतलं हे तुम्हालाही मान्य असतं, थकलं हेही मान्य असतं, त्यामुळे "माझ्यावर अन्याय झाला" पेक्षा "सरफेसीच्या नियम ८ प्रमाणे जाहिरात दिली नाही" हे वाक्य तिथे जड पडतं. हे कोरडं वाटतं पण कायदाच तसा आहे, बँकेला कोर्टाशिवाय घर विकायची ताकद दिलीय म्हणून तिने प्रत्येक पायरी तंतोतंत पाळावी अशी अपेक्षा आहे.

उदाहरण घ्या. लिलावाची जाहिरात ३ जूनला छापली, लिलाव २५ जूनला ठेवला. पहिल्याच लिलावासाठी जाहिरात आणि विक्रीत ३० दिवस हवेत, इथे २२ आहेत, विषय संपला, हा लिलाव टिकायला अवघड. पहिला लिलाव रिकामा गेला आणि दुसरा ठेवला तर मात्र १५ दिवस पुरतात, त्यामुळे हा कितवा लिलाव आहे ते आधी बघा, नाहीतर वकिलाला फोन करून उगाच उत्साहात येता. तसंच मान्यताप्राप्त व्हॅल्युअरकडून मूल्यांकन झालंय का, राखीव किंमत त्याला धरून आहे का, व्हॅल्युएशन किती जुनं आहे. डिमांड नोटीस सगळ्या सहकर्जदारांना आणि जामीनदारांना बजावली का, का एकाच पत्त्यावर चार पाकिटं टाकली. हरकतीला उत्तर दिलं का. मिळकतीचं वर्णन बरोबर आहे का, मजला, गट नंबर, क्षेत्रफळ, चुकीच्या गट नंबरची नोटीस निघालेली प्रकरणं असतात.

मग दुसरा गट, कायदा लागूच होत नाही असे मुद्दे. शेतजमीन तारण असेल तर सरफेसी चालत नाही. पण सातबाऱ्यावर शेती लिहिलंय म्हणून भागत नाही, सुप्रीम कोर्टाने २०२३ मध्ये स्पष्ट केलंय की जमीन प्रत्यक्षात शेतीसाठी वापरात आहे हे कर्जदाराने सिद्ध करायचं, म्हणून पीकपाहणीच्या नोंदी, वीजबिल, खतबियाण्याच्या पावत्या काढून ठेवा. सातबारा शेतीचा आणि वर गोडाऊन उभं, असं असेल तर फार आशा ठेवू नका. बाकी रक्कम १ लाखाच्या आत असेल किंवा मुद्दल-व्याजाच्या २० टक्क्यांपेक्षा कमी उरली असेल, तरी हा कायदा लावता येत नाही. एनबीएफसीचं (बँक नसलेल्या फायनान्स कंपनीचं) कर्ज २० लाखांच्या खालचं असेल तरीही नाही.

लघुउद्योग असेल तर अजून एक गोष्ट आहे, २०१५ ची एमएसएमई पुनरुज्जीवनाची चौकट. प्रो निट्सच्या केसमध्ये २०२४ ला सुप्रीम कोर्टाने म्हटलं की ती बँकांवर बंधनकारक आहे, पण उद्योगानेही खातं एनपीए व्हायच्या आधी बँकेला लेखी कागद देऊन आपण एमएसएमई आहोत हे दाखवायला हवं. ताबा घेतल्यावर पहिल्यांदा उद्यम सर्टिफिकेट काढून दाखवणाऱ्यांना त्याचा फायदा मिळत नाही.

स्टे मिळतो का खरंच?

मिळतो, पण फुकट क्वचितच. पहिल्या तारखेचं दृश्य साधारण असं असतं: तुमचा वकील दहा मिनिटं नोटिशीतल्या चुका सांगतो, बँकेचा वकील उठून एकच वाक्य बोलतो की यांनी दोन वर्षांत एक रुपया भरलेला नाही, आणि मग खुर्चीवरून प्रश्न येतो, "किती भरताय आणि कधी?" त्या प्रश्नाला उत्तर तयार नसेल तर बाकीचे मुद्दे कितीही धारदार असू देत, हवा निघून जाते. बहुतेक स्टे कंडिशनल असतात, अमुक रक्कम अमुक तारखेपर्यंत भरा, एक दिवस चुकला की स्टे आपोआप उठतो. म्हणून अर्ज टाकायच्या आधी घरात बसून खरंखुरं गणित करा, महिनाभरात किती उभं राहील, पाहुण्यांकडून किती, सोनं मोडून किती. वकिलाला फुगवून आकडा सांगू नका, तोच आकडा ऑर्डरमध्ये उतरतो.

बँक कॅव्हेट टाकून ठेवते हेही लक्षात असू द्या, म्हणजे बँकेचं ऐकल्याशिवाय ऑर्डर होणार नाही. लिलावाच्या आदल्या संध्याकाळी धावत जाणाऱ्याची तिथेच पंचाईत होते.

हायकोर्टात रिट टाकली तर?

टाकता येते, टिकत नाही. युनायटेड बँक ऑफ इंडियाच्या २०१० च्या निकालापासून सुप्रीम कोर्ट सारखं सांगतंय की डीआरटीचा पर्याय असताना हायकोर्टांनी सरफेसीच्या भानगडीत पडू नये, २०२३ ला तर चांगलंच सुनावलंय. अपवाद आहेत, डीआरटीत पीठासीन अधिकाऱ्याची जागा रिकामी आहे आणि ताबा उद्या आहे अशा वेळी तात्पुरतं संरक्षण मागायला लोक जातात आणि कधी कधी मिळतंही.

तहसीलदार पोलीस घेऊन येणार म्हणतात, अडवता येईल?

बँक स्वतः दार फोडू शकत नाही, त्यासाठी कलम १४ खाली जिल्हाधिकारी किंवा मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करते. ती ऑर्डर बहुतेक वेळा तुम्हाला न ऐकताच होते, कारण तिथे वाद सोडवायचा नसतो, बँकेने शपथपत्र नीट दिलंय का एवढंच बघायचं असतं. कायद्यात ३० दिवस, लेखी कारण देऊन ६० दिवस अशी मुदत आहे पण ती उलटली म्हणून ऑर्डर रद्द होत नाही असं सुप्रीम कोर्टाने २०२० मध्ये सांगितलंय. कलेक्टर ऑफिसमध्ये खेटे घालण्यात अर्थ नाही, कलम १४ च्या कारवाईलाही दाद डीआरटीतच.

ताब्याच्या दिवशी भांडू नका. सामानाची यादी आणि पंचनामा होतो, त्याची कॉपी मागा, औषधं, मुलांची पुस्तकं, आधार-पॅन, दागिने आधीच बाहेर काढून ठेवा. घरात म्हातारी माणसं किंवा परीक्षेला बसलेलं पोर असेल तर आधीच लेखी अर्ज देऊन थोडे दिवस मागा, माणुसकीने मिळतातही. आणि लागलेलं सील तोडून परत आत राहायला जायचं नाही, नाहीतर इतके दिवस नुसती पैशाची असलेली भानगड फौजदारी होते.

लिलाव जाहीर झालाय, आता पैसे आणले तर घर परत मिळेल?

इथे फार लोक फसतात. पूर्वी विक्री पूर्ण होईपर्यंत सगळी रक्कम भरून मिळकत सोडवता यायची, २०१६ च्या दुरुस्तीनंतर तो हक्क लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होईपर्यंतच आहे, आणि २०२३ ला बाफना मोटर्सच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने तेच पक्कं केलं, तिथे तर कर्जदार लिलाव झाल्यावर बोलीपेक्षा जास्त पैसे घेऊन आला होता. जाहिरातीनंतर बँक राजी झाली तर गोष्ट वेगळी, पण हक्क म्हणून मागता येत नाही. म्हणून नातेवाईक पैसे देतो म्हणाला असेल तर जाहिरात यायच्या आधी आणा.

लिलावात जास्त पैसे आले तर कर्ज आणि खर्च वजा करून उरलेले तुमचे, ते मागून घ्या. कमी पडले तर बँक बाकीसाठी परत तुमच्या मागे येते, घर गेलं म्हणजे कर्ज मिटलं असं होत नाही.

मी फक्त जामीनदार आहे, माझ्यामागे का लागलेत? आधी त्याला पकडा ना.

कायद्याच्या भाषेत जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते, बँकेने आधी कर्जदाराकडून वसूल करावं अशी सक्ती नाही. पण तुमचं घर सरफेसीखाली तेव्हाच घेता येतं जेव्हा ते तुम्ही त्या कर्जाला तारण दिलंय. नुसती सही केली असेल तर बँकेला तुमच्याविरुद्ध डीआरटीत किंवा कोर्टात वेगळा दावा करावा लागतो. तेव्हा आधी तुम्ही कशावर सही केली होती त्याची कॉपी मिळवा. आणि तुम्हालाही कलम १७ चा अर्ज करता येतो, भाडेकरूलाही येतो, फक्त त्याचा भाडेकरार गहाणखताच्या आधीचा आणि खरा असायला हवा, डिमांड नोटिशीनंतर मेव्हण्याच्या नावे केलेला भाडेकरार कुणी मनावर घेत नाही.

डीआरटीत हरलो तर?

३० दिवसांत डीआरएटीत (डीआरटीच्या वरच्या अपिली न्यायाधिकरणात) अपील, आपल्यासाठी ते मुंबईत आहे. पण इथे पैसे भरावे लागतात, कर्जाच्या ५० टक्के, अध्यक्षांनी कारण लिहून कमी केलं तरी २५ टक्क्यांच्या खाली नाही, पूर्ण माफी होत नाही. ४० लाखांचं येणं असेल तर २० लाख, फार तर १० लाखांपर्यंत खाली. बऱ्याच केसेस इथेच थांबतात, म्हणून डीआरटीतला पहिला अर्ज नीट, सगळे कागद लावून करा, पुढच्या पायरीवर बघू असं म्हणायची सोय नाही.

सहकारी बँक आणि पतसंस्थेलाही हेच नियम का?

सहकारी बँकेला हो, २०२० मध्ये मुरगूडच्या एका सहकारी बँकेच्या केसमध्ये घटनापीठाने तो वाद संपवला. पतसंस्था मात्र बँक नाही, ती सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली उपनिबंधकांकडून वसुली दाखला घेते. तिथली नोटीस आली की हजर राहून लेखी म्हणणं द्याच, कारण दाखला निघाल्यावर फेरतपासणी अर्ज करायला ५० टक्के रक्कम आधी भरावी लागते.

पर्सनल लोनवाल्यांची आर्बिट्रेशनची (लवादाची) नोटीस आलीये, घर घेतील?

तारण नसेल तर सरफेसी नाही. पण आर्बिट्रेटरचा निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखाच वसूल होतो, त्यामुळे दुर्लक्ष नको. कंपनीने एकतर्फी स्वतःच आर्बिट्रेटर नेमला असेल तर पहिल्याच तारखेला लेखी हरकत घ्या, सुप्रीम कोर्टाने अशी नेमणूक चुकीची ठरवलीय. निवाड्याला चॅलेंज करायची मुदत निवाडा मिळाल्यापासून ३ महिने. आणि वसुलीवाले सकाळी ८ च्या आधी किंवा संध्याकाळी ७ नंतर फोन करत असतील, ऑफिसात तमाशा करत असतील तर कॉल रेकॉर्ड ठेवून आधी बँकेकडे आणि मग रिझर्व्ह बँकेच्या लोकपालांकडे तक्रार करा, ते कर्ज फेडण्याच्या जबाबदारीपासून वेगळं प्रकरण आहे.

केस चालू असताना सेटलमेंट केली तर चालते?

चालते, आणि बऱ्याच केसेसचा शेवट तोच असतो. फक्त वन टाइम सेटलमेंट हा तुमचा हक्क नाही, २०२१ ला सुप्रीम कोर्टाने तसं स्पष्ट म्हटलंय, बँकेला जबरदस्ती करता येत नाही. मॅनेजर तोंडी "होऊन जाईल" म्हणाला त्याला किंमत शून्य, मंजुरीचं पत्र हवं, त्यात रक्कम, तारखा आणि केस मागे घ्यायची अट स्वच्छ हवी. पत्रातली तारीख चुकली तर सवलत जाते आणि मूळ आकडा परत उभा राहतो. तुमच्या प्रस्तावात "आमचे कायदेशीर हक्क राखून" हे शब्द वकिलाकडून घालून घ्या, नाहीतर तेच पत्र बँक कबुली म्हणून कोर्टात लावते. सिबिलवर सेटल्ड असा शेरा येतो, पुढची काही वर्षं नवीन कर्ज अवघड जाईल हे धरून चाला.

सगळे पैसे भरल्यावर नो ड्यूज आणि मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत मिळायला हवीत, बोजाही उतरवून द्यायला हवा. उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई असा रिझर्व्ह बँकेचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे, शाखेत हे कुणी आपणहून सांगत नाही, तेव्हा शेवटचा भरणा केल्याच्या पावतीवर तारखेचा शिक्का नीट उमटलाय का बघून घ्या.